युद्ध आणि वाडीची भांडी

दोन हजार पंचवीस सालच्या मे महिन्यातली ही गोष्ट. बुधवारी पहाटे सरकारने सीमेपलीकडे मारा केला आणि त्याच आठवड्यातल्या रविवारी कोकणातल्या तळेकोंड वाडीत विमलकाकींच्या नातीचं, शमिकाचं, लग्न होतं. या दोन गोष्टींचा एकमेकींशी काही संबंध असेल असं काकींना बुधवारी सकाळी तरी वाटलं नव्हतं. त्या मागच्या पडवीत शेजारच्या जाईबाईबरोबर लग्नाचे तांदूळ निवडत बसल्या होत्या. आत टीव्हीवर कुणीतरी घसा फुटेस्तोवर ओरडत होतं. जाईबाईचा मुलगा समर्थ फौजेत होता, उत्तरेला कुठेतरी.

"समर्थचा फोन लागला काय गो?" काकींनी विचारलं.

"नाय. बंद येतोय." जाईबाईने सुपातला खडा वेचून अंगणात टाकला. "लागंल."

दोघी पुन्हा तांदळाकडे वळल्या. त्या दिवशी वाडीत युद्धाबद्दल न बोलणारी माणसं एवढी दोनच होती.

काकींना घोर होता तो लग्नाचा. त्यांचा मुलगा अनिल, शमिकाचा बाप, मुंबईला नोकरीत. लग्न रत्नागिरीत हॉलमध्ये करावं असं त्याचं म्हणणं. नवरदेव दर्शनकडची माणसं मांडवीची, म्हणजे त्यांना रत्नागिरी घराजवळ. गाड्या लावायला जागा, वर थंड हवा. काकींनी ऐकलं नव्हतं. सत्तर सालच्या वैशाखात त्या स्वतः या अंगणात नवरी होऊन उतरल्या, तेव्हा सगळी वाडी राबली होती. कुणी पाणी भरलं, कुणी पत्रावळी लावल्या, आणि वाडीच्या तांब्याच्या मोठ्या टोपात शिजलेल्या भाताचा वास त्यांना पंचावन्न वर्षांनंतरही आठवत होता.

"हॉलात लग्न छान लागता रे," त्या अनिलला म्हणाल्या होत्या, "पण वाडी पाहुनी होते. मना माजी वाडी पाहुनी करायची नाय."

अनिलने मान डोलावली होती, पण मनातून तो हॉल सुटला नव्हता.

आता वाडीच्या भांड्यांविषयी. टोप, तपेली, कढया, पराती, झारे असा सगळा संसार देवळामागच्या खोलीत असे. त्या खोलीला दोन कुलपं. एका शिमग्याला एक परात कमी भरली. गाववाले म्हणाले मुंबईकरांनी नेली, मुंबईकर म्हणाले गाववाल्यांनी विकली. तेव्हापासून एक किल्ली गावच्या कमिटीच्या अध्यक्षाकडे, म्हणजे रावजीकडे, आणि दुसरी वाडीतल्या मुंबईकरांच्या मंडळाच्या अध्यक्षाकडे, म्हणजे दादूकडे. रावजीने जन्मात गाव सोडलं नव्हतं. दादू मुंबईत गोदीत नोकरी करून निवृत्त झाला होता आणि आता गावीच राहत होता. तरी वाडी त्याला मुंबईकरच म्हणे आणि तोही नाही म्हणत नसे. ती परात पुढे पावसाळ्यात तळ्याच्या गाळात सापडली. कुलपं मात्र राहिली.

बुधवारी संध्याकाळी काकींनी देवळात वाडी जमवली. मांडव कोण घालणार, पाणी कोण भरणार, एवढंच ठरवायचं होतं. नारळ ठेवून होईतो रावजी उभा राहिला.

"लग्नाचा मागून बघू. आधी सरकारचा अभिनंदन करूया. बरा हाणलान!"

"थांब," दादू म्हणाला. "अभिनंदन करायला माझी हरकत नाही. पण ह्याचा ठराव कुठे झाला? सूचक कोण, अनुमोदक कोण?"

"देशावर वेळ आलेय आनि तू अनुमोदक शोधतोस? घरात चोर शिरल्यावर काय सभा बोलावतोस?"

"घरात शिरला तर काठी घेईन. पण शेजारच्याच्या अंगणात जाऊन काठी मारायची, तर घरातल्या माणसांना आधी विचारायला नको? उद्या वाढली लढाई, तर निस्तरायची कुणी? आपण कर भरतो."

"तू कंदी भरलास?"

"माझ्या पगारातून कापत होते!"

झालं. अर्धी वाडी रावजीकडे सरकली, अर्धी दादूकडे. ज्याला सीमा कुठे आहे हे माहीत नव्हतं तोही हाताने देवळाच्या फरशीवर नकाशा काढून दाखवू लागला. "अवो, मांडव कंदी घालताव?" असं एका बाईने विचारलं, तर तिला दोन्ही बाजूंनी गप्प केलं. युद्धाच्या बाबतीत दोन्ही बाजूंचं एकमत झालेली ती एकच गोष्ट.

शेवटी सभा संपवायला गाऱ्हाणं घालणं आलं. तळेकोंडात देवाला गाऱ्हाणं घातल्याशिवाय सभा उठत नाही. गाऱ्हाणं घालायचा मान धोंडूआजोबांचा. वय नव्वदीला टेकलेलं, कान जवळजवळ गेलेले, आवाज मात्र खणखणीत. देवापुढे काय मागायचं ते कुणीतरी त्यांच्या कानात सांगायचं, त्यांनी ते मोठ्याने म्हणायचं आणि वाडीने "व्हय म्हाराजा" म्हणून साथ द्यायची. काय म्हटलं गेलं इकडे लक्ष देण्याची रीत नव्हती; आवाज मोठा हवा, एवढंच.

रावजी त्यांच्या उजव्या कानाशी लागला.

"बा देवा म्हाराजा! सरकारन जा काय केलान ता बरा केलान, त्येला येस दे रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

दादूने घाईघाईने डावा कान धरला.

"आनि इचारल्याबिगर केलान आसंल, तर त्येला बुद्धी दे रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

देऊळ दोन्ही वेळा सारखंच दणाणलं.

"बघितलात? वाडी आमच्या बाजूनं हाय," रावजी म्हणाला.

"दुसरा व्हय मोठा होता. त्यात बायकापण होत्या," दादू म्हणाला.

"ज्येंचा सरकारवर इस्वास नाय, त्येंच्या किल्लीच्या बाजूला माजी किल्ली लागनार नाय!"

"आणि ठराव झाल्याशिवाय माझं कुलूप निघणार नाही. निदान वाडीत तरी रीतसर होऊ दे!"

दोघं दोन वाटांनी गेले. देवापुढचा नारळ फोडायचाच राहिला.

गुरुवारी सकाळी काकी रावजीकडे गेल्या, तर तो घरी नव्हता. दुपारच्या एसटीने कुठूनसा घामाघूम होऊन आला. वाडीत काळोख पाळायचा हुकूम तो आदल्याच रात्री देऊन बसला होता. तळेकोंडात दिवे जायला शत्रूची गरज कधीच लागली नव्हती. पण त्या रात्री नेमकी वीज गेली नाही, म्हणून रावजी नाराज होता.

"रावजी, किल्ली दे बाबा. रविवारी पाचशे पान उठायचाय."

"काकी, तुमच्यासाठी जीव देईन. किल्ली नाय."

"जीव घेऊन मी काय त्याची आमटी करू? बरा, किल्ली नको देऊस. तू स्वता येऊन उघड, मी नुसती नजर टाकते, टोप किती हायत."

रावजीने एकदम मान वळवली आणि कोंबड्या हाकलू लागला. अंगणात कोंबडी नव्हती.

दादूकडे दुसरीच तऱ्हा.

"काकी, तुम्ही अर्ज द्या."

"कोनाला?"

"मला."

"आनि तू काय करशील?"

"मी तो मंडळाच्या अध्यक्षांकडे पाठवीन."

"अध्यक्ष कोन?"

"मीच. पण त्या वेळी मी वेगळ्या नात्याने बघेन."

"मेल्या, तुजा वेगळा नाता मी तुजा शेंबूड पुसलाय तेव्हापासून वळखते!"

दादू हसला, पण किल्लीवरचा हात काढला नाही. खोली नुसती उघडून दाखव म्हटल्यावर तोही पाणी प्यायला म्हणून आत गेला तो बाहेर आलाच नाही.

सड्यावरून परतताना काकींना एकाहत्तर सालचा हिवाळा आठवला. कंदिलाच्या काचेला काळा कागद लावायचे दिवस. काकी तेव्हा नव्या सून. आणि हे रावजी नि दादू, दोघंही नऊ-दहा वर्षांचे, याच कातळावर करवंदीच्या जाळ्यांमागे लढाई खेळायचे. दोघांनाही भारतच व्हायचं असायचं. दुसरं कुणी व्हायला तयार नाही, त्यामुळे ती लढाई भारताविरुद्ध भारत अशीच व्हायची, आणि गुडघे फोडून दोघं काकींच्या पडवीत हळद लावायला यायचे. लावताना एकमेकांना सांगायचे, मीच जिंकलो.

शुक्रवारी दुपारी अनिल आणि शमिका मुंबईहून आले. अनिलने बॅग ठेवली न ठेवली तोच सुरू केलं.

"आई, रत्नागिरीतला तो हॉल मिळतोय. रविवारचाच."

"मे महिन्यात? आनि रिकामा?"

"एक लग्न पुढे ढकललंय. नवरदेव फौजेत आहे. रजा रद्द झाली."

पडवीत जाईबाई पापड मोजत होती. तिचा हात क्षणभर थांबला आणि पुन्हा चालू झाला.

"भाड्याची भांडी बघितली मी," अनिल आवाज खाली आणून म्हणाला. "लांजा, राजापूर, सगळीकडे फोन केले. या मुहूर्ताला एक कढई शिल्लक नाही. आज दिवेलागणीपर्यंत वाडीची भांडी अंगणात दिसली नाहीत, तर मी हॉलचे पैसे भरतो. मांडवीच्या माणसांना मी उपाशी पाठवणार नाही."

काकींनी शमिकाकडे पाहिलं.

"मला अंगणातच हवंय, आजी," ती म्हणाली. "पण दर्शनला भूक लागली की तो कुणाचा नसतो. आत्ताच सांगून ठेवते."

काकींनी चुलीपाशी बसून विस्तव मागे ओढला. मग उठल्या, लुगडं बदललं, आणि वाडीत निरोप पाठवला: संध्याकाळी मांडवाची पहिली मेढ पुरायची आहे, गाऱ्हाण्याला सगळ्यांनी या. भांडण कितीही असो, मेढीच्या गाऱ्हाण्याला न येणं तळेकोंडात कुणाला जमलेलं नाही. रावजी आला, दादू आला. दोघं अंगणाच्या दोन टोकांना उभे राहिले. मधे बरोबर मेढीचा खड्डा होता.

धोंडूआजोबांना पाटावर बसवलं. त्यांच्या कानाशी कुणी बसायचं हा प्रश्न निघायच्या आत काकी तिथे बसल्या. घरचं कार्य होतं; कोण नाही म्हणणार?

"बा देवा म्हाराजा! ह्या घरच्या लेकीचा, शमिकाचा, कारेज पार पाड रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

"मांडवीसून येनारी मानसा वाट न चुकता येऊदेत रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

काकींनी पदर सावरला आणि आजोबांच्या कानाला आणखी जवळ गेल्या.

"आनि रावजी आपली किल्ली आत्ताच्या आत्ता ह्या नारळाम्होरं ठेवूदे रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" सगळ्यांत मोठा आवाज रावजीचा होता. काय म्हटलं ते त्याला मागून कळलं, आणि तोंड तसंच उघडं राहिलं.

"आनि दादू आपली किल्ली तिच्या बाजूला ठेवूदे रे म्हाराजा!"

"व्ह—" दादू मधेच थांबला. पण उरलेल्या वाडीने त्याचंही म्हणून टाकलं.

"आनि जो कोन व्हय म्हनून माघार घेईल, त्येच्या कलमांना फुडच्या साली मोहोर धरू नको रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

सगळ्यांच्या नजरा दोघांकडे वळल्या. रावजीची कलमं साठ होती, दादूने निवृत्तीचा सगळा पैसा कलमांतच घातला होता. सीमेपलीकडे काय चाललंय हे त्या घटकेला दोघंही विसरले. आधी रावजी पुढे झाला की आधी दादू, यावर वाडीत नंतर बराच वाद झाला. काकींनी पाहिलं ते असं, की दोन किल्ल्या नारळापुढे एकदमच वाजल्या.

सगळी वाडी देवळामागे निघाली. पुढे काकी, मागे अनिल मोबाइल हातात धरून. एक कुलूप उघडलं, दुसरं उघडलं, दार ढकललं. शमिकाने बॅटरी मारली.

खोलीत एक झारा होता. आणि एक पाल.

तिने बॅटरी चारी कोपऱ्यांत फिरवली. मग काकी मागे वळल्या. वाडीतली सगळी माणसं खोलीत डोकावत होती. दोनच माणसं जमिनीकडे पाहत होती.

"रावजी?"

"कल्हईला दिलीत, काकी," रावजी पुटपुटला. "लांज्याला. पाडव्याच्या मागनं. मी आनि दादून मिळून टेम्पोत चढवलीत. वाडी तवा काजूच्या कामाला गेली व्हती."

"म्हंजे तुला ठावूक व्हता खोली रिकामी हाय?"

"व्हता."

"दादू, तुला?"

"म्हणजे... तसं होतं."

"आनायला काय झाला व्हता?"

"मी गेलेलो की काल," रावजी म्हणाला. "पहिल्या एसटीनं. कल्हईवाला देईना. दोघा एकत्र आल्याशिवाय भांडी द्यायची नायत, असा आमीच त्येला बजावलेला."

दादूने झटकन वर पाहिलं. "तू काल गेलास? मी आज सकाळी गेलो होतो! मला म्हणाला, कालपण असाच एकटा माणूस येऊन गेला. मी म्हटलं, कोण हा हरामखोर!"

"हरामखोर कोनाला बोलतोस?"

"थांबा!" काकींचा आवाज देवळाच्या शिखराला लागून परत आला. "खोलीत काय नाय हा दोघांना ठावूक. मंग दोन दीस किल्ल्या पोटाशी धरून भांडत कशासाठी व्हतात?"

दोघांनी एकमेकांकडे पाहिलं. बुधवारपासून पहिल्यांदाच.

"आत काय हाय हा प्रश्न नव्हताच, काकी," रावजी समजुतीच्या स्वरात म्हणाला. "कुलूप आधी कोनाचा उघडायचा, हा प्रश्न व्हता."

"तत्त्वाचा," दादूने जोड दिली.

अनिलने मोबाइल वर केला. "आई, भरू पैसे?"

"उद्या दुपारपर्यंत थांब," काकी म्हणाल्या. "टोप नाय आले, तर मी स्वता तुज्या हॉलात येईन. चप्पल घालून, पाहुनी होऊन."

शनिवारी उजाडता उजाडता वाडीतल्या सागरचा टेम्पो निघाला. पुढे सागर, आणि त्याच्या बाजूच्या एका माणसाच्या जागेत दोन अध्यक्ष. सागरने नंतर सांगितलं ते असं, की वाडीच्या फाट्यापर्यंत दोघं गप्प होते, हायवेला लागताना विमानांवर आले आणि लांजा येईपर्यंत चीनला पोचले होते. कल्हईवाल्याने दोघांना आधी शेजारी शेजारी उभं केलं, नीट निरखलं, आणि मगच भांडी बाहेर काढली.

इकडे काकी अंगणात उभ्या होत्या. बारा वाजले, साडेबारा झाले. अनिल मांडवाच्या सावलीत येरझारा घालत होता. एक वाजायच्या सुमाराला घाटीवरून टेम्पो खाली उतरताना दिसला. मागची फळी तुटली होती, आणि सगळ्यांत मोठा टोप घसरू नये म्हणून रावजी नि दादू मागे भांड्यांत बसून त्याची एकेक कडी धरून होते. टेम्पोच्या आवाजावर त्यांचे आवाज येत होते.

"माझं म्हणणं एवढंच, की विचारायला हवं होतं!"

"अरे टोप सांभाळ, टोप! कडी सोडू नको!"

"सोडत नाही! तू आधी तुझी बाजू वर घे!"

काकींनी डोळ्यांना पदर लावला. अनिलने मोबाइल खिशात टाकला आणि टोप उतरवायला धावला.

त्या संध्याकाळी वाडी अंगणात नारळ खोवत, कांदा चिरत बसली होती, तेव्हा टीव्हीवर बातमी आली: लढाई थांबली. शस्त्रसंधी झाली. खोवण्या थांबल्या. जाईबाई उठून घरी गेली, फोन लावून पाहायला.

रावजी ताडकन उभा राहिला. "थांबवलान? असा कसा थांबवलान? कोनाला इचारलान? सभा कुठं झाली?"

"अरे, देशाचा प्रश्न आहे," दादू कांदा चिरता चिरता म्हणाला. "असल्या वेळी सरकारवर विश्वास ठेवायचा असतो. तिथे काय सूचक-अनुमोदक बघत बसायचं?"

अर्ध्या घटकेत अंगण पुन्हा दोन बाजूंना फाटलं, फक्त या वेळी माणसं उलटी बसली होती. काकींनी त्या वादात तोंड घातलं नाही. दोन्ही बाजूंचे हात चाललेत ना, एवढंच त्या पाहत होत्या. हात चालले होते. कांदा तर नेहमीपेक्षा बारीक चिरला जात होता.

लग्न झालं. भात थोडा लागला, पण तेवढा वाडीच्या प्रत्येक लग्नात लागतोच. मांडवीची माणसं वाट न चुकता आली. दर्शन तीनदा जेवला.

शमिका आता मांडवीला असते. सासऱ्यांशी तिचं पटतं, सासूशी पटायला लागलं आहे. अनिल मुंबईत लोकांना सांगतो की लग्न गावीच करायचं ही कल्पना त्याचीच होती. धोंडूआजोबा भादव्यात गेले, झोपेतच. आता गाऱ्हाणं घालायला जो आहे त्याला नीट ऐकू येतं, त्यामुळे गाऱ्हाणी लांबतात आणि लोकांना ती पहिल्यासारखी आवडत नाहीत. खोलीची कुलपं काकींनी काढायला लावली. दाराला नुसती कडी असते. भांडी जागच्या जागी आहेत.

समर्थ दिवाळीत रजेवर आला. तो घरी पोचला ही बातमी कळताच रावजी आणि दादू दोन वाटांनी धावत जाईबाईच्या दारात पोचले. सरकारचं बरोबर होतं की चूक, हे सांगायला शेवटी एक खात्रीचा माणूस वाडीत आला होता. समर्थने आईच्या हातची भाकरी खाल्ली, पाणी प्यायला आणि आडवा झाला.

दोघं पायरीवर बसून राहिले. काकी जाईबाईकडे दुधाचा तांब्या द्यायला गेल्या, तेव्हा दुपार कलली होती आणि वाद पुन्हा रंगात आला होता. इतक्यात जाईबाई दारात आली.

"झोपलाय माजा पोर. भांडायचा तर हळू भांडा."

दोघांनी माना डोलावल्या. आणि मग संध्याकाळपर्यंत रावजी नि दादू एका पायरीवर, खांद्याला खांदा लावून, एकमेकांच्या कानात भांडत राहिले.